खालची मावशी आणि कडू पाणी

खालच्या मावशीच्या तोंडात तीळ भिजत नसे. दुसऱ्या कुणाच्या बाबतीत हा दुर्गुण ठरला असता; मावशीची ती नोकरी होती.

त्या गावाच्या पोटात पाण्याचं एक टाकं होतं. गाव चांगलं मोठं, दगडी गल्ल्यांचं, उंच सपाटीवर वसलेलं. नदी नाही, ओढा नाही, आणि कुठेही खणलं तरी कोरडा खडक. पाणी काय ते त्या टाक्यात. चौकातल्या कमानीतून पायऱ्या उतरत गेलं की खाली खांबांच्या रांगांमधून ते पसरलेलं दिसायचं, फिकट निळसर. खाली दिवा न्यावा लागत नसे, कारण पाण्याला स्वतःचाच उजेड होता. त्यात कुठूनही पाणी येत नसे. सगळं गाव रोज उपसायचं, आणि पातळी मात्र पहिल्या खांबावर कोरलेल्या रेघेला टेकलेली ती टेकलेलीच. अट एकच होती. रोज सकाळी कुणीतरी खाली जाऊन पाण्याला गावची खबर सांगायची, आणि खरी सांगायची. खबर सांगायची राहिली की पाणी वीतभर खाली जायचं, आणि खोटी सांगितली की कडू व्हायचं. असं का, ते विचारू नका. गावातल्या शहाण्यांनी त्यावर बरीच डोकेफोड केली आणि शेवटी आपापली घागर घेऊन रांगेत उभे राहिले.

हे काम मावशीला तिच्या सासूकडून मिळालं. सासू पहिल्याच दिवशी तिला खाली घेऊन गेली आणि म्हणाली, "हे बघ, पोटात काही ठेवायचं नाही. जे जे कळेल ते ते सांगायचं. एक गोष्ट जरी गिळलीस तरी पाणी आटेल." मावशी तेव्हा नवी नवरी. तिला वाटलं, हे तर आपल्याला न शिकवताच येतं.

तेव्हापासून सकाळ झाली की मावशी लाकडी पाट काखेत मारून खाली उतरायची, शेवटच्या कोरड्या पायरीवर पाट टाकून बसायची, पाय पाण्यात सोडायची आणि सुरू व्हायची. कुणाला मुलगा झाला, कुणाची भिंत खचली, कोणत्या जावांनी चूल वेगळी केली, पाववाल्याचा पाव आज का करपला. शेवटी ठरलेले शब्द, "एवढीच खबर. बाकी काही नाही." वरच्या टप्प्यावर बायका घागरी भरत उभ्या असायच्या. खबर पाण्यासाठी होती, पण कान टवकारलेले असायचे बायकांचे. घागर भरून वाहायला लागली तरी कुणाचा पाय निघत नसे. घरी जाईपर्यंत त्याच खबरीला तिखटमीठ लागून ती गावभर झालेली असायची.

अशा बाईचा गावाला धाक असणारच. मावशी गल्लीत शिरली की भांडणं थांबत आणि हसणी सुरू होत. पोरांच्या खोड्या, नवऱ्यांच्या उधळ्या सवयी, सगळं तिच्यापासून लपवायची धडपड चाले. तरीही लेकाचं लग्न ठरलं की माणसं धावत आधी तिच्याकडेच येत. आणि तिला खोटं सांगायची सहसा कुणाची छाती होत नसे, कारण खोटी खबर मावशीच्या तोंडून पाण्याला गेली तर गावभर कडू पाणी, अशीच सगळ्यांची समजूत होती.

ही समजूत साफ चुकीची होती, आणि ते एकट्या मावशीला ठाऊक होतं. एकदा दूधवाल्याने, आपल्या शेळीला तीन पिल्लं झाली म्हणून तिला ठोकून दिलं. झालं होतं एकच, तेही लंगडं. मावशीने भाबडेपणाने तिन्ही पिल्लं पाण्याला सांगितली. पाणी गोडच राहिलं. म्हणजे गावात खरं काय घडलं याच्याशी पाण्याला देणंघेणं नव्हतं. सांगणारी मनापासून सांगते आहे ना, एवढंच ते बघत होतं. हा शोध मावशीने कुणाला सांगितला नाही. धाक आहे तर असू दे, आपलं काम हलकं होतं, असा तिचा व्यवहारी विचार. पाण्यालाही सांगितलं नाही, कारण ते पाण्याला आधीच माहीत असणार, अशी तिने स्वतःची समजूत घातली.

मावशीच्या नवऱ्याला गाव कुलूपकाका म्हणायचं. ते कुलुपं करायचे आणि त्यातलं एक स्वतःच्या तोंडालाही लावून ठेवलेलं असायचं. घराच्या पुढच्या खोलीत त्यांचं ठाणं: पकड, कानस, पितळेचा भुगा, भिंतीवर खिळ्यांना टांगलेल्या किल्ल्या. दिवसभरात ते जेवढं बोलत तेवढं मावशी पायताण घालता घालता बोलून जायची. दोघांचा संसार कसा झाला असं कुणी विचारलं की काका म्हणत, "झाला." त्यांना एकच लेक होती.

लेक आईसारखी दिसायची आणि बापासारखी गप्प असायची. पुढे खबर सांगायचं काम तिनेच घ्यायचं, हे ती पाळण्यात असल्यापासून ठरलेलं. पण सपाटीच्या खाली, दोन दिवसांच्या वाटेवर, मिठागरांचं गाव होतं. तिथून मिठाच्या गाड्या यायच्या आणि त्यांतल्या एका गाडीबरोबर एक हसरा, उन्हाने रापलेला मुलगा यायचा. एका संध्याकाळी भांडी विसळता विसळता लेकीने आईला त्याच्याबद्दल सांगितलं. लग्न करायचं आहे, पण त्याच्या घरी अजून बोलणं झालेलं नाही, बाबांनाही सांगितलेलं नाही, एवढ्यात कुणाला बोलू नकोस. सांगताना तिचे कान लाल झाले होते. मावशीने तिला जवळ घेतलं, तिच्या केसांवरून हात फिरवला.

आणि दुसऱ्या दिवशी सकाळी खाली जाऊन पाण्याला सगळं सांगून टाकलं.

दुपारपर्यंत गावभर झालं. संध्याकाळी मिठाची गाडी निघाली तेव्हा टवाळ पोरांनी त्या मुलाभोवती फेर धरला, कुणी मिठावर गाणी रचली, आणि त्याचा बाप गाडीवर मान खाली घालून बसला. कुलूपकाकांना ही बातमी किल्ली न्यायला आलेल्या गिऱ्हाइकाकडून कळली. लेक घरी आली ती पांढरीफटक होऊन.

"मला सांगावंच लागतं गं," मावशी म्हणाली. "गिळलं असतं तर पाणी आटलं असतं. गाव तहानलं असतं. मी काय करू?"

"आई," लेक म्हणाली, "मी तुला सांगितलं होतं. पाण्याला नाही."

आठवड्याच्या आत ती मिठागरांच्या गावी निघून गेली. लग्न तिथेच झालं. ना आवतण आलं, ना निरोप.

त्या दिवसापासून मावशीच्या खबरीत एक वाक्य वाढलं. सगळं सांगून झालं की ती म्हणायची, "आमची लेक रुसून गेली आहे. येईल. बाकी काही नाही." वर्षांमागून वर्षं गेली. वरच्या बायका सवयीने माना हलवायच्या. नव्या सुनांना तर हे वाक्य खबरीचाच भाग वाटायचं. पाणी गोड होतं. आणि पाणी गोड आहे म्हणजे ती येणारच, असं मावशी स्वतःला समजावत राहिली. शेळीच्या पिल्लांची गोष्ट तिला अशा वेळी बरी आठवत नसे.

मग एक दिवस तिने काकांच्या ठाण्यावर एक मोठं कुलूप बघितलं. घराच्या पुढच्या दाराला लावतात तसं, जाड कड्याचं, पितळी. काका एरवी असं काम घाईघाईत करत नसत, पण याच्यावर ते जेवणाची वेळ विसरून कानस चालवत होते.

"कुणाचं हो एवढं?" मावशीने विचारलं.

काकांनी थोडा वेळ कानस चालवली. खोटं बोलायला जेवढं बोलावं लागतं तेवढं त्यांना कधीच जमलं नव्हतं. "लेकीचं," ते म्हणाले. "गाडीवाल्याबरोबर चिठ्ठीतून निरोप आला. नवं घर बांधलंय त्यांनी. माझ्या हातचं कुलूप हवं म्हणाली."

मावशी आत जाऊन कणीक मळायला बसली आणि मळतच राहिली. नवं घर. बापाच्या हातचं, जन्मभर टिकेल असं कुलूप. परत यायचं असलेलं माणूस असलं कुलूप मागवत नाही, हे कळायला फार अक्कल लागत नव्हती.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती खाली गेली. खबर सांगितली. कुलुपाचा विषय काढला नाही. आणि जीभ सवयीने पुढे गेली, "आमची लेक रुसून गेली आहे. येईल. बाकी काही नाही."

सूर्य वर आला तोवर गावातलं पोर न् पोर थुंकत होतं.

चहा कडू, दूध उकळलं तर फाटायचं, पावाची कणीक कुबट. कपडे धुतले तर अंगाला खाज. लोकांनी आधी घागरी घासल्या, मग एकमेकांच्या तोंडाकडे बघायला लागले. कुणीतरी मावशीला खोटं सांगितलं! पंच चौकात बसले आणि आकाशपाताळ एक करून खोटारडा शोधायचं ठरलं.

पुढच्या चार-सहा दिवसांत मावशीच्या दारी रीघ लागली. पाववाला येऊन म्हणाला, करपलेल्या पावाचा दोष मी भट्टीला दिला, पण मला झोप लागली होती. एका सुनेने सांगितलं, माहेरी आई आजारी म्हणून गेले ती नुसती झोपायला गेले होते. दूधवाल्याला तर एवढी जुनी थाप आठवली, की त्या लंगड्या पिल्लाची नातवंडंही आता म्हातारी झाली होती. मावशी सगळ्यांचं ऐकून घ्यायची. माणसं मन मोकळं करून हलकी होऊन जायची आणि ती दाराशी तशीच बसून राहायची. रोज खाली जाऊन ती खबर सांगत होती आणि रोज शेवटचं ते वाक्यही. एकदा तरी वाक्य गाळावं असं तिच्या मनात यायचं. पण गाळलं तर वरच्या बायका विचारतील, का गाळलं? आणि त्याहून अवघड म्हणजे, गाळलं तर ते संपलं.

शेवटी सगळ्यांचा संशय शिंप्यावर जाऊन बसला. शिंपी थापाड्या म्हणून प्रसिद्धच होता. त्याने शिवलेला एक अंगरखा म्हणे राजाने दुरून बघितला होता. कोणता राजा, ते दर वेळी बदलायचं. त्याच आठवड्यात त्याने मावशीला सांगितलं होतं, की अंथरुणाला खिळलेली त्याची म्हातारी आई उठून बसायला लागली आहे. कुणाला पटणार? पंचांनी सांगून टाकलं: उद्या सकाळी शिंप्याने सगळ्यांसमोर कबूल व्हायचं, नाहीतर त्याच्या घराला टाक्याच्या पायऱ्या बंद.

शिंपी संध्याकाळी मावशीकडे आला. एरवी बोलताना त्याचे हात हवेत कापड बेतत असायचे. आज ते मांडीवर पडून होते.

"मावशी, मी थापा मारतो हे मला मान्य आहे," तो म्हणाला. "आयुष्यभर मारल्या. पण आई खरंच उठून बसली होती हो. आता हे कडू पाणी घशाखाली उतरत नाही तिच्या, पुन्हा आडवी झालीय. आणि माझी पायरी बंद केली तर मी कुठे जाऊ? तुम्ही तरी सांगा त्यांना."

"सांगते," मावशी म्हणाली, आणि तिला स्वतःचीच लाज वाटली. आजवर गावात कुणाचं काय चुकलं हे सांगायला तिची जीभ कधी अडखळली नव्हती.

सकाळी पायऱ्यांवर मुंगी शिरायला जागा नव्हती. पंच वरच्या टप्प्यावर, शिंपी त्यांच्यासमोर, कुलूपकाकासुद्धा ठाणं सोडून आलेले. मावशी पाट घेऊन गर्दीतून खाली उतरली, बसली, पाय पाण्यात सोडले. तिने नेहमीची खबर सांगितली. मग थांबली.

"शिंप्याने खोटं सांगितलेलं नाही," ती पाण्याला म्हणाली. खांबांमधून आवाज घुमत वर जात होता, हे तिला ठाऊक होतं. "कुणीच सांगितलेलं नाही. दुसऱ्याचं खोटं तुला लागत नाही, हे मला कधीपासून माहीत आहे. खोटं मी बोलले. लेक रुसून गेली नाही. मी तिला घालवली. तिने विश्वासाने सांगितलेलं मी इथे येऊन ओकले. ती आता येणार नाही. तिने तिथे घर बांधलंय."

मावशीने वाकून ओंजळ भरली. उभ्या जन्मात पहिल्यांदाच तिला वाटलं, हे पाणी कडू लागू दे. अजून कडू असेल तर आपण आता बोललो ते खोटं, म्हणजे लेक येईल. तिने ओंजळ तोंडाला लावली.

पाणी गोड होतं.

वर कुणीतरी चाखून ओरडलं, गर्दीत आनंदाचा गलका झाला, घागरी एकमेकींवर आपटायला लागल्या. शिंपी आईसाठी तांब्या भरून पळत सुटला. मावशी आपल्या पाटावर बसून रडत होती, आणि कुलूपकाका गर्दी ओसरेपर्यंत तिच्या शेजारच्या पायरीवर बसून राहिले.

घरी आल्यावर काकांनी कुलूप फडक्याने पुसलं आणि तिच्यासमोर ठेवलं. मग जन्मात कधी बोलले नव्हते एवढं बोलले.

"निरोप अर्धाच सांगितला होता तुला. तिला दिवस गेलेत. आधी दोनदा टिकलं नाही, म्हणून या खेपेला कुणाला कळू द्यायचं नाही म्हणते. बाबा, आईला सांगू नका, ती पाण्याला सांगेल, असं म्हणाली. मी तिचा शब्द मोडतोय. पण आज तू खाली जे बोललीस ते ऐकलं, आणि मला वाटलं तुला कळावं. कुलूप तू घेऊन जा." एवढं बोलून ते दमले आणि पाणी प्यायले.

त्यानंतरच्या सकाळी मावशी खाली उतरली. गिळलंस तर आटेल. सासूचा आवाज अजून कानात होता. एका बाजूला सगळं गाव, पोरंबाळं, शिंप्याची म्हातारी. दुसऱ्या बाजूला लेकीच्या पोटातला एवढासा जीव, ज्याच्याबद्दल अजून मोठ्याने बोलायचीही तिला भीती होती. मावशीने पाववाल्याची खबर सांगितली, शिंप्याच्या आईने पेज मागितल्याची सांगितली. मग ती बातमी जिभेच्या टोकाशी आली. मावशीने दात घट्ट मिटले.

"आज एवढंच सांगते," ती म्हणाली.

वरून एका म्हाताऱ्या बाईने हटकलं, "मावशी, 'बाकी काही नाही' राहिलं!"

"राहू दे," मावशी म्हणाली.

ती खांबावरच्या रेघेकडे बघत बसली. बायका आल्या, भरून गेल्या. ऊन कमानीतून खाली सरकत आलं. रेघ ओली होती ती ओलीच राहिली, पाणी बोटभरही खाली गेलं नाही. ओंजळभर चाखलं, तर कालच्यासारखंच गोड. आणि मग तिला आठवलं की कुलुपाची गोष्टही तिने इतके दिवस गिळलीच होती. तेव्हाही पातळी हलली नव्हती, कडूपणाच्या गोंधळात बघतंय कोण. पाण्याला खबर हवी होती, खरी हवी होती. सगळी हवी आहे असं पाणी कधी म्हणालंच नव्हतं. ते सासू म्हणाली होती, आणि मावशीला ते ऐकायला सोयीचं होतं.

म्हणजे त्या दिवशीही चाललं असतं. भांडी विसळताना लाल झालेले लेकीचे ते कान तिला दिसले आणि ती मोठ्याने "अगं बाई" म्हणाली. वर कुणीतरी कान टवकारले. तिने काही सांगितलं नाही.

कुलूप घेऊन मावशीने लेकीकडे जायचं ठरवलं, पण तिच्या मागे खबर कुणी सांगायची, हा प्रश्न होता. "मी सांगतो," काका म्हणाले आणि गाव चकित झालं. जायच्या दिवशी मावशी त्यांच्या मागे पायरीवर उभी राहिली. काकांनी बराच वेळ घसा साफ केला. "कुणी गेलं नाही," ते पाण्याला म्हणाले. "पाव चांगला झालाय." आणखी काही सुचतंय का बघितलं. "बायको आज जाते आहे." एवढं सांगून ते उठले. पाण्याने काहीच तक्रार केली नाही. बायकांनी मात्र जाम केली.

मिठागरांच्या गावी सगळं पांढरं होतं, रस्ते, कौलं, माणसांच्या पापण्यासुद्धा. नव्या घराच्या दाराला अजून दोरी बांधलेली होती. लेकीने दार उघडलं. तिचे केस कपाळावर पातळ झाले होते. आईला बघून तिचा हात आपोआप पोटाकडे गेला आणि मग पटकन मागे आला.

"बाबांनी सांगितलं तुला," ती म्हणाली.

"हो."

"मग कळलं असेल आता गावाला."

"नाही."

लेक तिच्याकडे बघत राहिली. या आईला ती चांगली ओळखत होती, आणि या आईला तिने कधी बघितलंच नव्हतं.

"पाण्याला नाही सांगितलं," मावशी म्हणाली. तिने कुलूप पुढे केलं. दोन दिवस छातीशी धरून ते गरम झालं होतं. "काही झालं नाही गं. आटलं नाही. तेव्हाही गप्प बसले असते तरी चाललं असतं. मला माहीत नव्हतं. आणि करून बघावं असं वाटलंही नाही मला."

लेकीने कुलूप घेतलं, हातात तोललं, कड्यावरून बोट फिरवलं. बाहेर मिठाची एक गाडी खडखडत गेली आणि गाडीवाल्याने दाराकडे मान वळवून बघितलं.

"आत ये," लेक म्हणाली. "आणि दार लावून घे."